उपकरण किल्ल्यांचं खरं नाव

वीस वर्षं मी यंत्रांची माहितीपुस्तकं मराठीत करते आहे. चाकण, भोसरी, तळवडे या पट्ट्यात नवं यंत्र आलं की त्याच्याबरोबर इंग्रजीतलं एक जाड पुस्तक येतं. यंत्र चालवणाऱ्याला ते कळावं म्हणून कुणीतरी ते मराठीत लिहायचं असतं. ‘झाकण उघडण्यापूर्वी मुख्य वीजपुरवठा बंद करा.’ ‘सुरक्षा उपकरण काढून यंत्र चालवू नका.’ अशी वाक्यं मी इतकी लिहिली आहेत की त्यासाठी आता डोकं लागत नाही. बोटंच लिहितात.

नवरा गेल्यावर या गोष्टीचा मला फार उपयोग झाला.

तो चाकणच्या एका कंपनीत मेंटेनन्सला होता. फेब्रुवारीत गेला, एका मंगळवारी. पहिली शिफ्ट तीनला सुटते. कंपनीची बस माणसं सोडत सोडत कासारवाडीला येईपर्यंत साडेचार होतात. बसमध्ये खिडकीला डोकं टेकून झोपायची त्याची जुनी सवय होती, त्यामुळे कुणाला काही वाटलं नाही. रेल्वे स्टेशनच्या अलीकडे त्याचा स्टॉप. ड्रायव्हरनं गाडी थांबवली आणि हाक मारली.

हे मला ड्रायव्हरनंच सांगितलं. रुळांच्या पलीकडे मशिदीमागच्या गल्लीत राहणारा चाळिशीचा माणूस. पाचव्या दिवशी बायकोला घेऊन आला. नवऱ्याची डब्याची पिशवी त्याच्याकडे राहिली होती. ती त्यानं धुऊन, घडी घालून आणली होती. आत या म्हटलं तरी दोघं दाराजवळच्या खुर्च्यांवर अवघडून बसले.

“भाभी, तीन बार आवाज दी मैंने,” तो म्हणाला. “भाऊ, स्टॉप आला, स्टॉप आला, म्हटलं. मला वाटलं काल ओव्हरटाइम झालाय, गाढ लागली असेल. मग उठून खांद्याला हात लावला, तेव्हा कळलं.”

त्याची बायको पदराने डोळे पुसत होती. त्यांना काहीतरी म्हणायला हवं हे मला समजत होतं. मी विचारलं, “चहा घेणार ना?”

मी रडले नाही. दहाव्याला नाही, तेराव्याला नाही, नंतरही नाही. सोसायटीतल्या बायका म्हणायच्या, रडून घे, मोकळी होशील. माझी बहीण आठ दिवस येऊन राहिली आणि तिनंच माझ्या वाटचं रडून घेतलं. मला फक्त सगळं लांबून ऐकू यायचं. कुकरची शिट्टी लांबून, बहिणीचं बोलणं लांबून, लोकल तर रोज खिडकीखालून जाते, तीही लांबूनच. जेवताना घास तोंडात गेला की तो चावायचा आहे याची आठवण करून द्यावी लागायची. आम्हाला मूल नाही. बहीण गेल्यावर घरात मी एकटी उरले, आणि मी कामाला बसले. कॉम्प्रेसर, कन्व्हेयर, रंगाचे बूथ, जे येईल ते. महिन्याला दोन पुस्तकं करणारी मी पाच करायला लागले.

जुलैत पिंपरीहून एक फोन आला. शाळेतल्या मुलांसाठी माहितीपट करणारं तिथे एक छोटं ऑफिस आहे. फोनवर तिथली संपादक मुलगी होती, तिशीच्या आतलीच असावी.

“ताई, आमची किल्ल्यांवर मालिका चालू आहे. आपले किल्ले झाले, आता जगातले घेतोय. इंग्लंडच्या समुद्रकिनाऱ्यावरच्या किल्ल्यांची संहिता आहे. कराल?”

मी हो म्हणाले. त्या दिवसांत मी सगळ्यालाच हो म्हणत होते.

संहिता ट्यूडर घराण्यातल्या एका राजाबद्दल होती. त्यानं आपल्या देशाच्या दक्षिण किनाऱ्यावर ओळीनं किल्ले बांधून घेतले. इंग्रजीत त्यांना ‘डिव्हाइस फोर्ट्स’ म्हणतात. मी चार दिवसांत मराठी करून पाठवून दिलं. संपादक मुलीचा दोनच तासांत फोन.

“ताई, एक विचारू? उपकरण किल्ले म्हणजे काय हो?”

“म्हणजे?”

“म्हणजे, त्यात काही यंत्रबिंत्र होतं का? आमचे निवेदक वाचता वाचता थांबले. म्हणाले, आधी मला कळू दे, मग मी मुलांना सांगतो.”

मी फाइल उघडली. ‘राजाने किनाऱ्यावर उपकरण किल्ले उभारले.’ ‘हे उपकरण किल्ले बुटके व गोलाकार होते.’ शोधून पाहिलं तर एकतीस ठिकाणी उपकरण किल्ले होते. वीस वर्षं डिव्हाइस दिसलं की बोटं उपकरण लिहीत आली, तशीच त्यांनी लिहिली होती. मी स्वतः लिहिलेलं वाक्य मलाच कळत नव्हतं. पूर्वी असं झालं असतं तर मी शरमेनं लाल झाले असते. आता फक्त म्हणाले, “चुकलंय. बघते.”

बघितलं. त्या राजाच्या काळात या शब्दाचा यंत्राशी काही संबंध नव्हता. राजाला पहिली बायको सोडायची होती, रोमचे धर्मगुरू परवानगी देईनात, म्हणून त्यानं त्यांच्याशीच नातं तोडलं. पुढे फ्रान्सचा राजा आणि स्पेनवरही राज्य करणारा सम्राट, दोघं एकमेकांचे वैरी, त्यांचा तह झाला. आता हे दोघं मिळून समुद्रावरून आपल्यावर येणार, अशी इकडे धास्ती बसली. तेव्हा राजानं कागदावर हुकूम लिहवून घेतला की किनारा कुठे उघडा आहे ते पाहा, कुठे काय बांधायचं ते ठरवा, तिथे माणसं नेमा. अशा लेखी बेताला त्या काळी डिव्हाइस म्हणत. कागदाचं ते नाव पुढे किल्ल्यांनाच चिकटलं.

एवढं समजलं, पण मराठी शब्द काही सुचेना. शुक्रवारी मी त्या ऑफिसात गेले. संपादक मुलीनं फळ्यावर शब्द लिहायला घेतले.

“योजना किल्ले?” मी म्हटलं.

“मुलांना वाटेल घरकुलं आहेत.”

“आराखडा?”

“महापालिकेची नोटीस वाटते, ताई.”

युक्ती लिहून तिनंच पुसलं. जादूचे प्रयोग वाटतात म्हणाली. मग खडू खाली ठेवून माझ्याकडे बघत राहिली. “घाई नाही. सोमवारी द्या. तुम्ही बऱ्या आहात ना?”

“हो,” मी म्हटलं.

रविवारी मी गावाला गेले. नवऱ्याचं गाव चाकणपासून थोडं आत आहे. पूर्वी बटाट्याची शेतं होती तिथे आता कंपन्यांच्या शेड आहेत, त्या अगदी गावाच्या वेशीपर्यंत आल्या आहेत. सासऱ्यांची बरीचशी जमीन तिकडे गेली, घरामागचा एक तुकडा तेवढा राहिला. सासरे, त्यांना सगळे आबा म्हणतात, पंचाहत्तरी पार केलेले. ते धाकट्या मुलाकडे राहतात. तेरावा झाल्यापासून दर शनिवारी त्यांचा फोन यायचा. “उंद्या येतीस न्हवं?” एवढंच विचारायचे. मी जायचे. आम्ही ओट्यावर बसायचो. ते काहीतरी निवडत असायचे, मीही निवडायला लागायचे. जेवायची वेळ झाली की जेवायचं आणि चारच्या बसनं परत. मुलाचा विषय त्यांनी एकदाही काढला नव्हता. मीही नाही.

त्या रविवारी दीर शिफ्टला गेला होता आणि जाऊ मुलांना घेऊन आळंदीला तिच्या माहेरी. घरात आम्ही दोघंच. आबांच्या पुढ्यात सुपात घेवड्याच्या शेंगा होत्या.

“सध्या कुठल्या मशिनीचं लिव्हतीस?” त्यांनी विचारलं.

“मशीन नाही आबा. किल्ले.”

“किल्लं?” त्यांनी मान वर केली. “शिवनेरीबिवनेरी?”

“नाही, परदेशातले. समुद्राच्या काठचे. डोंगरावर नाहीत, सपाटीवर.”

“मंग आमच्या चाकणच्या कोटागत. त्येच्या खंदकात आमी ल्हानपनी म्हसरं सोडायचो.”

मग ते विचारत गेले आणि मी सांगत गेले. इतक्या दिवसांत आमचं एवढं बोलणं झालं नव्हतं. किल्ले बुटके आणि गोल होते, भिंती जाड होत्या, तोफांचा मारा सोसावा म्हणून. दगूड कुठनं आनला, त्यांनी विचारलं. राजानं देशातले मठ मोडले होते, काही ठिकाणी त्यांचेच दगड लावले, मी सांगितलं.

“देवाचं मोडून?”

“हो.”

आबांनी जीभ टाळ्याला लावून च्यक् केलं. मग म्हणाले, “आन् आलं का ते? ज्येला भ्याला व्हता ते?”

“त्या वेळी नाही आले. त्या दोघांचंच पुन्हा फाटलं. पुढे काही वर्षांनी थोडी गलबतं आली, चकमक झाली. पण ज्याची एवढी भीती होती ते झालंच नाही.”

“मंग कोटाचं काय?”

“आहेत अजून. एका किल्ल्यापासून तर समुद्रच लांब सरकला. आता तो कुरणात उभा आहे, भोवती मेंढ्या चरतात.”

याचं त्यांना हसू आलं. थोडंच, पण आलं. मी म्हटलं, “त्यांचं नावच अडलंय माझं.” आणि राजाच्या कागदाचं सगळं सांगितलं. संकट येणार म्हणून त्यानं आधीच ठरवून, लिहून, माणसं नेमून ठेवली, त्या सगळ्याला जो शब्द होता तो मराठीत कसा आणायचा ते कळत नाही, असं सांगितलं.

आबा शेंग मोडता मोडताच म्हणाले, “तजवीज.”

“काय?”

“तजवीज म्हनत्यात त्येला. आमच्या वक्ताला समदी म्हनायची. पाऊस लांबला, वैरनीची तजवीज करा. लगीन हाय, पान्याची तजवीज करा. आधी करून ठिवायची ती तजवीज.”

शब्द मला ठाऊक होता. शाळेत वाचलेला, कधीकाळी लिहिलेलाही. पण तीन दिवस शोधून हाताला लागला नव्हता. मी पिशवीतून कागद काढून तो लिहून घेतला. लिहून झाल्यावर पाहिलं तर आबांचे हात थांबले होते. ते सुपाकडे बघत होते.

“त्येनंबी केली व्हती,” ते म्हणाले.

“कुणी?”

“तुझ्या मालकानं.”

मग त्यांनी सांगितलं. तो जाण्याच्या दोन वर्षं आधी, दिवाळीनंतर, तो एकटाच गावाला आला होता. मला आठवतंय, मी एका पुस्तकाच्या मागे होते म्हणून गेले नव्हते. तो याच ओट्यावर बसला होता. जिना चढताना छातीत दुखतं म्हणून डॉक्टरकडे जाऊन आला होता. हृदय कमजोर झालंय, उपचार करून घ्या, असं डॉक्टरांनी बजावलं होतं. करू, पुढच्या महिन्यात करू, असं म्हणत तो राहिला. पण वडिलांना मात्र त्यानं सगळं सांगून ठेवलं.

“म्हनला, मला कायबी झालं तर तिला गावाला आनायचा हट्ट कुनी धरायचा न्हाई. तिचं काम तिथं, तिला तिच्या घरात ऱ्हाऊ द्या. पर दर आयतवारी बोलवा. न्हाईतर ती जेवायची न्हाई.”

एका शेडमधून शिफ्टचा भोंगा झाला.

“तुम्ही मला सांगितलं नाही,” मी म्हटलं.

“त्यानं माझा हात त्येच्या डोक्यावं ठिवून घेतला व्हता. शपथ घातली.”

“दोन वर्षं?”

“व्हय.”

“आबा, दोन वर्षं मी त्याला तीन जिने चढून सिलिंडर वर आणायला लावत होते. दळण आणायला लावत होते. दमलास का रे, एवढ्यात म्हातारा झालास, म्हणून हसत होते. आणि तुम्हाला माहीत होतं.”

माझा आवाज चढला असावा, कारण समोरच्या घरातली बाई दारात आली. मी पिशवी उचलली आणि निघाले. जेवले नाही. त्यांनी मागून “पोरी” म्हणून हाक मारली, ती मी ऐकली आणि चालत राहिले.

बसमध्ये मला वाटलं, हा राग आहे. नाव कळलं, पण तो नीट पोहोचत नव्हता. शेजारच्या फ्लॅटमध्ये कुणीतरी भांडतंय आणि भिंतीतून आवाज येतोय, तसा तो येत होता. नवऱ्यावरचा किती आणि सासऱ्यांवरचा किती, हेही मला वेगळं करता येईना. नाशिक फाट्याला उतरायचं विसरून मी पुढच्या स्टॉपला गेले आणि उन्हातून चालत मागे आले.

सोमवारी एकतीस ठिकाणी उपकरण काढून तजवीज घातलं. पहिल्यांदा शब्द येतो तिथे एक ओळ वाढवली की संकट येण्याआधी राजाने लिहून दिलेली ही तजवीज, म्हणून हे तजवीज किल्ले. संपादक मुलीला शब्द फार आवडला. “कुठून काढलात ताई?” तिनं विचारलं. मी म्हटलं, “सासऱ्यांनी सांगितला.” निवेदकांनी तेवढ्यात पलीकडून विचारलं की यातले दोन्ही ज ‘जवळ’मधले की ‘जन्म’मधले? जवळमधले, मी सांगितलं.

पुढचे तीन शनिवार आबांचा फोन आला. काम आहे, मी म्हणाले. तिन्ही वेळा ते म्हणाले, “बरं.” चौथ्या शनिवारी फोनच आला नाही.

मंगळवारी सकाळी दहाच्या सुमारास बेल वाजली. दारात आबा उभे होते. धोतर, पांढरी टोपी, काखेत कापडी पिशवी. चाकणहून बसनं आले होते, उतरून विचारत विचारत घर शोधलं होतं. नवरा असताना दोनदाच आले असतील या घरी, तेही त्याच्याबरोबर. तीन जिने चढून त्यांना धाप लागली होती. एका हातानं चौकट धरली होती.

“आत ये म्हनतीस का?”

“या आबा.”

पाणी प्यायले. भिंतीवरच्या फोटोकडे त्यांनी एकदा पाहिलं आणि नजर काढून घेतली.

“मला बी हाय,” ते म्हणाले.

“काय?”

“छातीत. चालताना दुखतंया, थांबलं की ऱ्हातंया. पाच-सा म्हैनं झालं.”

“भाऊजींना सांगितलंत?”

“न्हाई. कुनालाच न्हाई. पयल्यांदा तुला सांगाया आलो.”

मी त्यांच्याकडे पाहिलं. ते माझ्याकडे बघत नव्हते. मी आत जाऊन साडी बदलली, कुलूप घेतलं आणि फोन करून रिक्षा बोलावली. जिना उतरताना त्यांचा दंड धरला, तर त्यांनी तो सोडवून घेतला नाही. पिंपरीला महापालिकेच्या रुग्णालयात गेलो. केसपेपरच्या रांगेत मी उभी राहिले, आबा बाकावर बसले. मध्ये मध्ये मी वळून बघत होते. तेही दर वेळी माझ्याचकडे बघत असायचे. शाळेत पहिल्या दिवशी सोडलेलं मूल बघतं तसं.

हृदयाचा आलेख काढून झाल्यावर डॉक्टरांनी आत बोलावलं. तरुण डॉक्टर होते, घाईत पण नीट बोलणारे.

“तुम्ही यांच्या कोण?”

“सून.”

“घरात आणखी कुणाला हृदयाचा त्रास?”

मी बोलणार तोच आबा म्हणाले, “मुलाला व्हता. थोरल्या. गेला ह्याच दुखन्यानं. बसमंदी.”

तो गेला हे शब्द मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदा ऐकले. त्यांचा चेहरा तसाच राहिला. माझाही तसाच असणार. डॉक्टरांनी आधी त्यांच्याकडे, मग माझ्याकडे पाहिलं आणि लिहायला घेतलं.

बाहेर व्हरांड्यात आल्यावर आबांनी कागद माझ्या हातात दिला. “तू वाच. माझ्याम्होरं वाच. आन् हाय तसं सांग.”

अक्षर वाईट होतं आणि सगळं इंग्रजीत. मी उभ्या उभ्या त्याचं मराठी केलं. “हृदयाच्या एका भागाला रक्त कमी पोहोचतंय. गोळ्या आजपासून, रोज, चुकवायच्या नाहीत. ओझं उचलायचं नाही. पुढच्या आठवड्यात आणखी एक तपासणी, त्यात किती अडलंय ते कळेल.”

“भ्यायचं कारन हाय?”

“थोडं आहे.”

“बरं,” ते म्हणाले. मग थोड्या वेळानं, “त्येला बी हितं आनायला पायजे व्हता. मी ओढून आनायला पायजे व्हता.”

तुमची चूक नाही, असं म्हटलं असतं तर ते खोटं झालं असतं. आणि तुमचीच चूक, हे म्हणण्याइतका रागही माझ्यात आता नव्हता. मी त्यांच्याशेजारी बाकावर बसले. समोरून स्ट्रेचर गेलं, फिनेलचा वास आला. बऱ्याच वेळानं माझ्या लक्षात आलं की मला भूक लागली आहे. नुसतं जेवायची वेळ झाली म्हणून नव्हे, खरीच. मार्केटच्या गल्लीत जाऊन आम्ही इडली खाल्ली. आबांनी चार खाल्ल्या, मी तीन.

दुसऱ्या तपासणीला दीरही आला. एक रक्तवाहिनी बरीच अडली होती, पण डॉक्टर म्हणाले, वेळेत आलात. त्याच महिन्यात ती मोकळी केली. रुग्णालयातले चार दिवस मी रोज डबा नेला. दिराला दोन वर्षांपूर्वीचं काहीच ठाऊक नव्हतं. ते त्याला मी सांगितलं. तो बाहेर जाऊन उभा राहिला आणि बराच वेळ आत आला नाही.

आता पावसाळा संपलाय. रविवारी मी गावाला जाते, जेवते. तजवीज किल्ल्यांचा माहितीपट शाळांमध्ये दाखवताहेत म्हणे. मी अजून पाहिलेला नाही. बहीण फोनवर विचारते, रडलीस का एकदा तरी? मी खरं ते सांगते, नाही अजून.

रोज सकाळी सातला आबांचा फोन येतो. “आज दुखलं न्हाई,” असं सांगतात. एखाद्या दिवशी म्हणतात, “थोडं दुखलं, बसलो, ऱ्हायलं.” मी विचारते, गोळी घेतली? घेतली म्हणतात. ते फोन ठेवतात, आणि मी चहाचं आधण टाकते.